नाट्यस्पर्धेत हरलो, त्याची हुरडा पार्टी ठेवतोय. काय करावं, काय टाळावं?

कृष्णाकाठ

नमस्कार मंडळी. यंदा राज्य नाट्य स्पर्धेच्या प्राथमिक फेरीत आमच्या सांगलीच्या हौशी संस्थेने दोन अंकी नाटक केलं. परवा निकाल लागला. पहिल्या तिनांत आम्ही नाही. दिग्दर्शन, नेपथ्य, प्रकाशयोजना, रंगभूषा, अभिनयाची रौप्यपदकं, प्रमाणपत्रं, कशातच आमच्यापैकी कुणाचं नाव नाही. निकालाचं पत्रक ग्रुपवर आलं आणि बराच वेळ कुणी काहीच लिहिलं नाही. मग पडदा सांभाळणाऱ्या काकांचा मेसेज आला, "हुरड्याला कधी जायचं?" आणि एकदम सगळे बोलायला लागले.

तर पार्टी ठरली आहे. आमच्यातल्या एकाचं जत तालुक्यात शेत आहे, तिथे रविवारी सकाळी जायचं. घरची मंडळी आणि लहान मुलं धरून पंचवीस-तीस जण असू. मोठी माणसंही येणार, त्यामुळे पिणं वगैरे नाही.

पण मला ही नुसती सहल नकोय. आपण हरलो हे मोकळेपणाने म्हणत, त्याच कारणासाठी एकत्र यायचं आहे. आमच्यात शिक्षक आहेत, बँकेतले आहेत, एमआयडीसीत पाळी करणारे आहेत, कॉलेजची मुलं आहेत. गणपती उठले की तालमी सुरू होतात आणि दिवाळीचा फराळसुद्धा तालमीच्या हॉलवरच होतो. प्रयोगापर्यंत सगळे एका घरचे असतात. निकालात नाव नसलं की मात्र भेटणं टाळतात. ज्याचं वाक्य अडखळलं तो म्हणतो माझ्यामुळे गेलं, लाइट करणारा म्हणतो माझ्यामुळे. पुढच्या वर्षी तालमीला त्यातली निम्मी माणसं दिसत नाहीत. जिंकलेल्या संस्थेत पेढे वाटले जातात, सत्कार होतात, अंतिम फेरीच्या तालमी सुरू होतात. हरलेल्यांच्या वाट्याला सेट टेम्पोत भरून परत नेण्यापलीकडे काही येत नाही. मला तेवढ्यावर हे संपवायचं नाही.

तुमच्यापैकी कुणी असं काही केलंय का? काय केलं की माणसं खरंच मोकळी होतात?

बेळगावचा_पाहुणा

लई भारी कल्पना. काकांना माझा नमस्कार सांगा.

तिसरी_घंटा

ताई, जरूर करा. मी कॉलेजात असताना पुरुषोत्तम करंडकाला, म्हणजे पुण्याच्या त्या कॉलेजांच्या एकांकिका स्पर्धेला, उतरायचो. ज्यांनी ते दिवस पाहिलेत त्यांना भरत नाट्य मंदिर आणि 'अरे आव्वाज कुणाचा' वेगळं सांगायला नको. प्राथमिक फेरीत इतक्या एकांकिका होतात आणि अंतिम फेरीत मोजक्या नऊ जातात. म्हणजे दर वर्षी बहुतेक सगळी मुलं हरतातच. आमचा संघ निकालानंतर टिळक रोडवर चहाला जमायचा. खिशात पैसे नसायचे, पण सगळे यायचे, आणि आमची मैत्री टिकली ती त्या चहामुळे, असं मला मनापासून वाटतं.

एक नियम मात्र कडक होता आणि तो तुम्हीही ठेवा. त्या दिवशी परीक्षकांवर एक शब्द बोलायचा नाही, जिंकलेल्यांवर तर नाहीच. २०२२ साली पुरुषोत्तमच्या अंतिम फेरीत करंडक कुणालाच दिला नाही. त्यावर किती चर्चा झडल्या आठवत असेल. परीक्षकांना असं वाटू शकतं, तो त्यांचा अधिकार आहे. आपण पार्टीत निकालाची फेरतपासणी करायला बसलो की हसू पहिल्या दहा मिनिटांत संपतं आणि घरी जाताना प्रत्येक जण आलेला होता त्याहून जास्त कडवट झालेला असतो.

रोखठोक

ताई, राग मानू नका, पण मला हे पटत नाही. मी ऐंशीच्या दशकात कोल्हापूर केंद्रावर कामं केली आहेत. हरलो की दुसऱ्या दिवशी दिग्दर्शक संहिता घेऊन बसवायचा. कुठल्या प्रवेशात लय पडली, कुणाची एन्ट्री उशिरा झाली, दुसरा अंक का सैल पडला, सगळं पानापानावर लिहून काढायचो. हरल्याचं दुःख व्हायलाच हवं, कारण तेच पुढच्या वर्षी तालमीत कामाला येतं. ते हुरड्याबरोबर खाऊन टाकलं तर हातात काय उरणार? आजकाल मुलांना अपयश नीट भोगूच देत नाहीत. लगेच केक, लगेच फुगे. नाटक ही गंभीर गोष्ट आहे. तुमच्या सांगलीतच १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी सुरुवात केली, त्या गावच्या संस्थेने तरी हे भान ठेवावं.

कृष्णाकाठ

काका, राग अजिबात नाही. तुम्ही जे लिहून काढायचात ते आम्हालाही करायचं आहे. पण मागे एकदा निकालाच्या दुसऱ्याच दिवशी आम्ही अशी बैठक घेतली होती. माणसं दुखावलेली होती, प्रत्येक सूचना आरोपासारखी ऐकू आली आणि दोन चांगले कलाकार संस्था सोडून गेले. चुका सगळ्यांना माहीत होत्या, फक्त ऐकून घेण्याच्या मनःस्थितीत कुणी नव्हतं. म्हणून या वेळी आधी भेटणं आणि मग चिकित्सा, असा क्रम मला हवा आहे.

तिसरी_घंटा

काकांचं आणि ताईंचं, दोन्ही खरं आहे. फक्त दोन्ही एकाच दिवशी करू नका. चिकित्सेची बैठक आठवडाभराने ठेवा आणि तिची तारीख पार्टीआधीच सांगून टाका. म्हणजे ज्यांना चुकांबद्दल बोलायचंय ते निवांत राहतात, आपल्याला बोलायची जागा मिळणार आहे हे त्यांना माहीत असतं.

गणितवेडी

नाटकातलं मला फार कळत नाही, पण हरलेल्याला मित्रांनी साजरं करण्याची एक जुनी गोष्ट सांगते, आपल्याशी थोडी जोडलेली.

रँग्लर परांजपे सगळ्यांना ठाऊक आहेत. दापोलीजवळच्या मुर्डी गावचा हा मुलगा १८९९ साली केंब्रिजच्या गणिताच्या ट्रायपॉस परीक्षेत विभागून पहिला आला आणि सीनियर रँग्लर झाला. आपल्याकडे त्याचं केवढं कौतुक झालं. त्याच यादीचं दुसरं टोक आपण बघत नाही. ऑनर्स मिळालेल्यांत जो सर्वांत शेवटी असे, त्याला विद्यार्थी लाकडी चमचा देत. पदवीदानाच्या वेळी सेनेट हाउसच्या गॅलरीतून तो चमचा खाली सोडला जाई. पुढे गुणानुक्रमे यादी लावणंच बंद झालं, त्यामुळे १९०९ चा चमचा शेवटचा ठरला. तो मिळालेला विद्यार्थी सेंट जॉन्स कॉलेजचा होता, म्हणजे परांजप्यांच्याच कॉलेजचा. तो होड्यांच्या शर्यतीत वल्ही मारायचा, म्हणून त्याच्या चमच्याला वल्ह्याचं पातं जोडलेलं होतं आणि चमचा मीटरभराहून लांब होता. कॉलेजने तो जपून ठेवला आहे.

मला यातल्या दोन गोष्टी आवडतात. एक, चमचा विद्यापीठ देत नव्हतं, बरोबरचे विद्यार्थी देत होते. दुसरं, ज्याला तो मिळायचा त्याने ऑनर्सची परीक्षा पार केलेली असायची. तो यादीत शेवटचा असला तरी यादीत होता. तुम्ही दोन अंकी नाटक उभं करून दाखवलंत, तेव्हाच तुम्हाला हरता आलं. प्रेक्षागृहात बसलेल्या माझ्यासारखीला ते शक्यच नाही.

सायकलवाला_साताऱ्याचा

गणितवेडीताई, छान माहिती. पण शेवटच्याला बक्षीस देताना जपून, एवढंच सांगतो. इटलीच्या जिरो सायकल शर्यतीत १९४६ ते १९५१ या काळात सर्वांत मागच्या सायकलस्वाराला काळी जर्सी असायची. लोकांना तो इतका आवडू लागला की त्यातून पैसेही मिळू लागले. मग लुइजी मालाब्रोक्का नावाचा सायकलपटू मागे राहण्यासाठी वाटेत लपायला लागला. गोठ्यात, गुत्त्यात, जिथे जमेल तिथे. १९४९ साली त्याच्याहून मागे राहणारा दुसरा एक निघाला आणि दोघांची मागे राहण्याची चुरस लागली. म्हणजे हरण्यातला जो मोकळेपणा होता तो संपला आणि तिथेही स्पर्धा आली. 'सगळ्यात वाईट अभिनय' वगैरे पदकं काढू नका ताई. पुन्हा एक जण पहिला आणि बाकीचे मागे, हेच होईल.

एन्ट्री_चुकली

वरच्या पोस्टला माझा पूर्ण पाठिंबा, आणि थोडं सविस्तर लिहिते, कारण हे माझ्या बाबतीत घडलंय.

कॉलेजात असताना आमच्या एका संघाने अशीच पार्टी ठेवली होती. मजेमजेची बक्षिसं होती. मला 'विसरभोळं पात्र' म्हणून एक पुठ्ठ्याचं पदक मिळालं, कारण प्रयोगात माझं एक वाक्य गेलं होतं. सगळे हसले, मीही हसले. कुणाच्याच मनात वाईट नव्हतं हे मला तेव्हाही कळत होतं. पण त्या वाक्यासाठी मी निकालापर्यंत रोज रात्री जागी होते, आणि ते तसं सगळ्यांसमोर हातात आल्यावर मला पुढे कितीतरी दिवस स्टेजवर जायची भीती वाटत राहिली. नंतर नाटक पुन्हा सुरू केलं, पण मध्ये बराच काळ गेला.

म्हणून विनंती आहे. प्रयोगातली चूक विनोदाचा विषय करू नका, जिची चूक आहे तिने स्वतः सांगितली तर गोष्ट वेगळी. आणि कुणाला त्या दिवशी यायचंच नसेल तर आग्रह करू नका. काही माणसांना चार दिवस एकटं राहायचं असतं. त्यांना डबा पाठवा.

कृष्णाकाठ

एन्ट्री_चुकली, तुम्ही हे लिहिलंत त्याबद्दल खरंच मनापासून आभार. मी गमतीच्या पदकांची यादी करायला घेतली होती, ती आता बाजूला ठेवते. आमच्याकडेही एक मुलगी आहे, पहिलंच नाटक तिचं. ग्रुपवर ती अजून काही बोललेली नाही. तिला आज फोन करते, पार्टीचा विषय न काढता.

विंगेतून

मी सगळं आयुष्य पडद्यामागे काढलंय, त्यामुळे माझं म्हणणं जरा वेगळं आहे.

स्पर्धेत नेपथ्याला बक्षीस आहे, प्रकाशाला आहे, रंगभूषेला आहे, अभिनयाला तर आहेच. प्रॉम्प्टरला नाही. पडदा ओढणाऱ्याला नाही. ब्लॅकआउटच्या त्या काही सेकंदांत अंधारात लेव्हल, म्हणजे रंगमंचावरचे चौथरे, उचलून विंगेत नेणाऱ्या पोरांना नाही. प्रॉपर्टीच्या टेबलावर पत्र, चष्मा, पाण्याचा तांब्या क्रमाने मांडून ठेवणाऱ्या बाईला नाही. ग्रीनरूममध्ये नटाच्या सदऱ्याचं बटण आयत्या वेळी शिवणाऱ्याला नाही. त्यामुळे नाटक पहिलं आलं तरी ही माणसं निकालाच्या कागदावर नसतातच. तुमच्या संस्थेत ज्यांना कशातच नाव नाही म्हणून वाईट वाटतंय, त्यांना या वर्षी आमच्या शेजारी बसायला मिळालं असं समजा.

मी सुचवतो ते करून बघा. शेतावर गोल बसल्यावर प्रत्येक नटाने एकच सांगायचं, प्रयोग चालू असताना मला कुणी सावरलं. मोघम आभार नकोत. कुठला प्रवेश, काय बिघडलं, कुणी काय केलं, एवढं नेमकं. आमच्याकडे एका प्रयोगात दुसऱ्या अंकाच्या सुरुवातीला पंख्याच्या वाऱ्याने दाराचा फ्लॅट, म्हणजे सेटची उभी भिंत, डुलायला लागला. एक पोरगा मागे पाठ लावून प्रवेश संपेपर्यंत उभा राहिला. प्रेक्षकांना काही कळलं नाही, परीक्षकांना कळलं नाही, दार उघडून आत येणाऱ्या नटालाच कळलं. त्याने पुढे सगळ्यांसमोर ते सांगितलं, तेव्हा त्या पोराच्या चेहऱ्यावर जे दिसलं ते मी आजवर कुठल्या बक्षीस समारंभात पाहिलेलं नाही. तो अजून आमच्याकडे आहे. आता सेट तोच बांधतो.

हे जिंकल्यावर होत नाही हो. जिंकल्यावर हार घालायला इतकी माणसं येतात की हे बोलायला वेळच उरत नाही.

बेळगावचा_पाहुणा

विंगेतूनकाका, हे वाचून आमच्या प्रॉम्प्टरबाईंना आत्ताच फोन केला.

दोन_मुलांची_आई

विषय नाटकाचा आहे, पण परीक्षांबद्दल लिहिल्याशिवाय राहवत नाही. २०१८ साली मध्य प्रदेशातल्या सागरमध्ये एका वडिलांनी मुलगा दहावीत नापास झाला म्हणून फटाके वाजवून, मिठाई वाटून पार्टी दिली होती. नापास झालेली मुलं जिवाचं काही बरंवाईट करून घेतात, माझ्या मुलाने तसं करू नये, पुन्हा परीक्षेला बसावं, असं त्यांचं म्हणणं होतं. २०२५ साली कर्नाटकात बागलकोटला एक मुलगा दहावीच्या सहाही विषयांत नापास झाला, तेव्हा आईवडिलांनी केक कापला. दोन्ही बातम्यांखाली लोकांनी आईबापांना नावं ठेवलेली मी वाचली.

रोखठोककाका, तुमचा मुद्दा मला समजतो. पण मूल निकालाच्या दिवशी घरी यायला घाबरत असेल, तर त्या दिवशी त्याला अभ्यासाचं काही शिकवता येत नाही. आधी ते घरी यायला हवं. माझ्या घरी दर निकालाला पुरणपोळी होते, निकाल काहीही लागो. निकालाआधीच डाळ भिजत घालते, म्हणजे मुलांना दिसतं की जेवण गुणांवर ठरलेलं नाही.

रोखठोक

निकालाआधी डाळ भिजत घालायचं हे मला आवडलं. हे मान्य करतो.

तोक्योची_डायरी

जपानमधलं एक सांगू का? शिकोकू बेटावर कोची नावाचं छोटं रेसकोर्स आहे. तिथे हारू उरारा नावाची घोडी होती. ती एकदाही जिंकली नाही. तिच्या सलग पराभवांची बातमी झाली तेव्हा रेसकोर्स स्वतःच तोट्यात होतं आणि बंद पडायच्या बेताला आलं होतं. लोक तिला बघायला येऊ लागले. तिच्यावर लावलेल्या पैजेची तिकिटं मोटारीत ताईत म्हणून ठेवू लागले, अपघात होऊ नये म्हणून. मार्च २००४ मध्ये यूताका ताके हा जपानमधला फार नावाजलेला जॉकी तिच्यावर बसला, तुडुंब गर्दी झाली, आणि ती अकरा घोड्यांत दहावी आली. एकूण ११३ शर्यती पळली, सगळ्या हरली. इथे अजूनही लोक तिचं नाव प्रेमाने घेतात. ती दर वेळी पुन्हा पळायला उभी राहायची, एवढंच लोकांना पुरेसं होतं.

रानमाणूस

ताई, बाकीचं तुमी मोठी माणसं बगा. हुरड्याचं मी सांगतो, कारण शहरातनं पाव्हणं येत्यात आणि अकरा वाजता शेतात उतरत्यात, मग म्हनत्यात हुरडा गोड न्हाई.

कणीस सकाळीच, थंडी हाय तवर काढायचं. काढून लई वेळ ठेवायचं न्हाई, गोडी उतरती. दाणा दाबला की मऊ लागाय पायजे, पण पांढरा चीक नुसता गळाय नको. चीक गळतोय म्हंजे कवळा हाय, टणक लागतोय म्हंजे गेला. जतकडं आणि मंगळवेढ्याकडं दाण्याला बहुतेक मालदांडी आसती, मंगळवेढ्याच्या ज्वारीला तर आता भौगोलिक मानांकनबी हाय. पर हुरड्याला लोक येगळी ज्वारी लावत्यात. सुरती, गूळभेंडी, कुचकुची. गूळभेंडीचा दाणा बोंडातनं सहज सुटतो, चोळाय त्रास न्हाई. शेतवाल्याला आदी इचारून घ्या काय लावलंय.

आगटीला एक उथळ खड्डा काढा. शेणी रचून पेटवा आणि धूर जाऊन लालभडक आर होईस्तोवर थांबा. घाई केली की हुरड्याला धुराचा वास लागतो. कणसं आरात खुपसायची, वरनं राख वडायची, फिरवत ऱ्हायचं. भाजली की हातावर न्हाईतर पोत्यावर चोळायची, सुपात पाखडायची, आणि गरमच खायची. चोळणारी माणसं आळीपाळीनं बसवा, न्हाईतर एकाचीच सालटी निघत्यात. बरुबर शेंगदाण्याची चटणी, लसणाची चटणी, दही, गूळ, शेव. मुलांस्नी रेवड्या, बोरं, ऊस. वरनं पानी पिऊ नका, ताक प्या, आसं आमची आज्जी सांगायची, आमी आजूनबी तसंच करतो.

आणि ताई, ह्यो हुरडा तुमी जिंकला आसता तरी इतकाच गोड लागला आसता. ज्वारीला निकाल ठाऊक नसतो.

कृष्णाकाठ

रानमाणूसदादा, सगळं उतरवून घेतलं. शेतावर सुरती लावली आहे असं कळलं. सकाळी सातला सांगलीतून निघतोय, म्हणजे उन्हं चढायच्या आत पोचू.

आता एक अवघड प्रश्न. आमच्या केंद्रावर जी संस्था पहिली आली, तिला बोलवावं का? आमच्यातल्या काहींचं म्हणणं, हा दिवस आपला आहे, त्यांच्यासमोर मोकळं वाटणार नाही. मला बोलवावंसं वाटतंय. त्यांच्या दिग्दर्शिकेने आमच्या प्रयोगानंतर ग्रीनरूममध्ये येऊन आमच्या आजोबांच्या भूमिकेतल्या कलाकाराला नमस्कार केला होता.

तिसरी_घंटा

सगळी संस्था नको. दोन-तीन जणांना बोलवा, जेवायच्या वेळी. सकाळचं बोलणं फक्त तुमचं असू द्या.

विंगेतून

सहमत. आणि त्यांना सत्कारासाठी बोलवू नका, पाहुणे म्हणून बोलवा. नारळ-शाल काढलीत तर तो पुन्हा त्यांचाच समारंभ होईल.

ओस्लोकर

धागा उशिरा पाहिला. इथे नॉर्वेत यान टाइगन नावाचा गायक होता. १९७८ साली युरोव्हिजन गीतस्पर्धेत त्याला एकाही देशाकडून गुण मिळाला नाही, अक्षरशः शून्य. परत आला तर लोकांनी डोक्यावर घेतलं आणि ते गाणं देशात खूप चाललं. पुढे १९८२ आणि १९८३ साली तोच पुन्हा नॉर्वेकडून त्या स्पर्धेत गायला. शून्य मिळाल्यावर त्याच व्यासपीठावर परत जायला जे लागतं ते त्याला घरच्या माणसांनी दिलं असं मला वाटतं. तुमच्या पार्टीला शुभेच्छा. इथे बर्फात बसून हुरड्याबद्दल वाचणं अवघड आहे.

कृष्णाकाठ

मंडळी, पार्टी झाली. वृत्तांत देते, कारण यातलं बरंचसं तुमच्याच सूचनांवर झालं.

आम्ही पोचलो तेव्हा आगटी पेटलेली होती. पहिला तास कुणी नाटकाचं नावच काढलं नाही, फक्त चोळणं, पाखडणं आणि खाणं. शेंगदाण्याची चटणी कमी पडली, शेजारच्या वस्तीवरच्या काकूंनी आणून दिली. पाळी करून थेट आलेला आमचा एक कलाकार उसाच्या बांधावर झोपला, त्याला कुणी उठवलं नाही.

मग विंगेतूनकाकांनी सांगितलं तसं गोल बसलो. मला वाटलं होतं अवघडल्यासारखं होईल. पहिल्यांदा आजोबांचं काम करणारे सर बोलले. दुसऱ्या अंकात त्यांनी एक पूर्ण परिच्छेद ओलांडून पुढचं वाक्य घेतलं होतं. समोरच्या मुलीने आपलं उत्तर तिथल्या तिथे बदललं आणि प्रॉम्प्टरने त्याच क्षणी तिला पुढचा धागा हळूच दिला. हे आम्हा कुणालाच माहीत नव्हतं. मी त्या प्रवेशात विंगेत उभी होते, तरी मला कळलं नाही. ती मुलगी म्हणजेच आमच्यातली ती नवी मुलगी, जी ग्रुपवर गप्प होती. सरांनी सगळ्यांसमोर सांगितलं की तो प्रवेश तिने वाचवला. त्यानंतर ती बोलायला लागली ती जेवणापर्यंत थांबली नाही.

पडदेवाल्या काकांबद्दल तर चार जणांनी सांगितलं. पहिल्या अंकाच्या शेवटी नायिकेच्या डोळ्यांत खरं पाणी आलं होतं, ती क्षणभर थांबली, आणि काकांनी ठरलेल्या वाक्याला पडदा न टाकता तिच्याकडे बघून तेवढंच थांबून टाकला. आमच्या दिग्दर्शकाने तिथेच सांगितलं की संहितेत आता तो थांबा लिहून ठेवायचा. मुलांनी आपल्या आपण एक कार्यक्रम काढला, आमच्याच नाटकातला पहिला प्रवेश त्यांनी करून दाखवला. सगळी वाक्यं पाठ होती. तालमीला येऊन कोपऱ्यात गृहपाठ करत बसणारी ही मुलं काय काय टिपून घेतात, ते तेव्हा समजलं.

जिंकलेल्या संस्थेतले तिघं जेवायला आले. येताना भडंग घेऊन आले. सत्कार केला नाही, पंगतीत बसवलं. जेवताना त्यांच्या दिग्दर्शिकेने विचारलं, तुमच्या दोन लेव्हल आणि जिना अंतिम फेरीसाठी मिळेल का, आमचा जिना लहान पडतोय. आमचे नेपथ्यकार हातातली भाकरी ठेवून लगेच मापं सांगायला लागले. जिना द्यायचं ठरलंय. तो बसवायला आमची दोन पोरंही अंतिम फेरीला त्यांच्याबरोबर जाणार आहेत.

चिकित्सेची बैठक पुढच्या शनिवारी आहे. रोखठोककाका, तुम्हाला कोल्हापूरहून यायला जमेल का? तुमची ती पानापानावर लिहायची पद्धत आम्हाला शिकवा. परीक्षक म्हणून नाही, घरचे म्हणून या.

रोखठोक

येतो. दोन्ही अंकांची संहिता आधी पाठवून द्या, वाचून, खुणा करून येईन. आणि त्या मुलीला सांगा, समोरच्याने परिच्छेद ओलांडल्यावर उत्तर बदलणं हे शिकवून येत नाही.

एन्ट्री_चुकली

वाचून फार बरं वाटलं ताई. तिला माझ्याकडूनही सांगा.

दोन_मुलांची_आई

बैठकीचा वृत्तांतही इथे टाका.

सायकलवाला_साताऱ्याचा

थोडं विषयांतर. रानमाणूसदादा, आमच्याकडे थोडी जमीन आहे, पुढच्या वर्षी हुरड्यासाठी ज्वारी करायची आहे. बी कुठलं घ्यावं आणि पेरणी कधी?

रानमाणूस

राहुरीच्या कृषी विद्यापीठाचं फुले उत्तरा हाय, फुले मधुर हाय, दोन्ही हुरड्यासाठीच काढल्यात. बियाणं विद्यापीठाकडंच इचारा. पेरणी सप्टेंबरपासनं धरा, पर सगळं एकदम पेरू नका. आठ-दहा दिसाच्या फरकानं पट्टं पाडा, म्हंजे एक पट्टा सरला की दुसरा हुरड्याला येतो. पेरल्यापासनं साधारण तीन म्हैन्यांनी कणीस धरतंय. पाखरं राखाय माणूस मात्र ठेवा.